लसूण चावल्याने पॅरासिटामॉल निरुपद्रवी होत नाही

फिरत फिरत चोपड्याला आत्याच्या मोबाइलवर पोचलेला मेसेज असा: यकृतातलं सल्फोट्रान्सफरेज एन्झाइम पॅरासिटामॉलचं विष बाहेर काढतं, त्याला गंधक लागतो, म्हणून गोळीवर लसूण चावा आणि कितीही गोळ्या घ्या. उनपदेवच्या गरम पाण्याच्या कुंडात अंघोळ केली तर दुप्पट फायदा. सल्फा औषधाची ॲलर्जी असेल तर मात्र कांदा-लसूण बंद. गुडघ्यांनी बेजार आत्या मला विचारते, "मंग बारा घेतल्या तं चालतीन ना रे भो?"

नाही चालणार!

एन्झाइम खरं आहे. 'पॅप्स' नावाच्या रेणूवरचा गंधक असलेला सल्फो गट काढून ते पॅरासिटामॉलला जोडतं आणि ते लघवीवाटे निघून जातं. लहान मुलांत तर हाच मुख्य मार्ग. पण रावेरला केळी भरायला गाड्या ठरलेल्या असाव्यात आणि माल तिप्पट यावा, तशी गत होते. डोस वाढला की पॅप्स कमी पडतं. मग जास्तीचं औषध दुसऱ्या वाटेला लागून 'नापक्वी' हे विषारी द्रव्य तयार होतं. त्याला आवरणारं ग्लुटाथायोनही संपलं की यकृताच्या पेशी मरू लागतात. पहिल्या दिवशी फार तर मळमळ. कावीळ दिसेपर्यंत दोन-तीन दिवस गेलेले असतात. माणूस तोवर निर्धास्त.

गंधकाचं म्हणणं अर्धं खरं, हे नाइलाजाने मान्य. यावरचा उतारा ॲसिटिलसिस्टीन, त्यात गंधक असतोच. पण तो मोजून शिरेतून देतात, आणि वेळेत. 1979 साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये एडिंबरोच्या प्रेस्कॉट आणि सहकाऱ्यांनी 100 रुग्णांचा अनुभव छापला: आठ तासांच्या आत उपचार झालेल्यांचं यकृत जवळपास पूर्ण वाचलं, पुढे उशीर होईल तसा उपयोग घटत गेला. लसणाच्या दोन पाकळ्यांकडून ही अपेक्षा कोण करतंय? एन्झाइमला लागणारा गंधक रोजच्या डाळ-दुधातल्या प्रथिनांतून मिळतोच.

उनपदेवच्या गरम पाण्यात गुडघे शेकून निघतील, खुशाल जा. यकृताचा त्याच्याशी संबंध नाही. सल्फाची ॲलर्जी त्या औषधाच्या रेणूची असते, गंधकाची नव्हे. आत्या, भरितात लसूण घाल.

धडधाकट प्रौढाला 24 तासांत 500 मिलिग्रॅमच्या आठ गोळ्या, ही कमाल मर्यादा. यकृताचा त्रास किंवा दारू असेल तर त्याहून कमी, डॉक्टरांना विचारून. सर्दीच्या बऱ्याच गोळ्यांतही पॅरासिटामॉल असतं, तेही यातच मोजायचं. कुणी चुकून जास्त घेतल्या असतील, तर बरं वाटत असलं तरी रिकामी स्ट्रिप घेऊन लगेच दवाखाना गाठा.