निशायसाची घट

गेल्या मंगळवारी सांगलीच्या सराफ कट्ट्यावर एका अनोळखी वृद्ध गृहस्थांनी माझे अख्खे साम्राज्य अवघ्या वीस मिनिटांत बुडवले आणि बुडवून झाल्यावर मलाच चहा पाजला. साम्राज्य काल्पनिक होते हे मान्य. परंतु त्याच्या उभारणीत माझे चार महिने गेले होते, आणि चहा फिका होता.

या साम्राज्याचा पाया निशायस नावाच्या धातूवर होता. एका दिवाळी अंकासाठी (मानधन म्हणून अंकाची एक प्रत) मी अद्भुतकथा लिहीत आहे. तिच्यातला हा धातू अमावास्येला नदीच्या तळाशी सापडतो, दिवसा पिसासारखा हलका असतो आणि सूर्य मावळताच दसपट जड होतो. त्यामुळे तिथले सैनिक दिवसा चिलखतासह डोंगर चढतात, शेतकरी नांगर काखेत मारून रानात जातो पण नांगरट मात्र रात्रीच करतो, आणि राजवाड्यातली तिजोरी रात्री चोरांच्या टोळीलाही तसूभर हलवता येत नाही. हे सारे मला फारच सुचले आहे, असे मला मंगळवारपर्यंत वाटत होते.

पत्नीची तुटलेली साखळी मोडीत घालण्यासाठी मी एका दुकानात बसलो होतो आणि खोळंबा झाल्यामुळे वही काढून लिहीत होतो. शेजारचे गृहस्थ बराच वेळ वहीत डोकावत होते.

"हा निशायस कुठल्या बाजारात येतो, सर?"

हे गृहस्थ विट्याकडचे होते आणि त्यांची उभी हयात तमिळनाडूत गलाईच्या व्यवसायात गेली होती. खानापूर-आटपाडीच्या दुष्काळी भागातली माणसे पिढ्यान्‌पिढ्या देशभर सोने-चांदी गाळत आली आहेत, हे सांगलीकरांना वेगळे सांगायला नको. अशा माणसाला 'धातू काल्पनिक आहे' असे सांगितल्यावर विषय संपेल, ही माझी समजूत भाबडी होती.

"असू दे की काल्पनिक. वितळतो किती डिग्रीला? सोनं १०६४ ला, चांदी ९६१ ला."

हा आकडा मी ठरवलेलाच नव्हता. अग्निमुखी सर्पाच्या फुत्काराने तो वितळतो, असे मी काहीशा तोऱ्यात सांगितले.

"म्हणजे भट्टी नाही. सर्पाला रोजचं खायला काय लागतं? कोळशापेक्षा स्वस्त पडतो का?"

मी गप्प बसलो. त्यांनी मग आम्लाकडे मोर्चा वळवला. सोने नुसत्या नायट्रिकमध्ये विरघळत नाही आणि नुसत्या हायड्रोक्लोरिकमध्येही विरघळत नाही, दोन्ही एकत्र केली की मात्र विरघळते. तसा तुमचा धातू शुद्ध कशात करतात, असे त्यांनी अत्यंत आस्थेने विचारले. त्या आस्थेचाच मला अधिक राग आला. थट्टा करणाऱ्याला उत्तर देता येते. मनापासून चौकशी करणाऱ्यापुढे माणूस हतबल होतो.

घाव त्यांनी शेवटी घातला. "दिवसा हलका, रात्री जड. मग तुमच्या राज्यातले सगळे सराफ दिवसा खरेदी करतील आणि रात्री विकतील. आठवड्यात राजाची तिजोरी रिकामी!"

"वजनेही निशायसाचीच असतात," मी घाईघाईने कायदा केला.

"मग शेजारच्या राज्यातून एखादा पितळेची वजनं घेऊन येईल." क्षणभर थांबून ते म्हणाले, "मीच येईन."

मी इतिहासाचा आधार घेतला. १६२१ साली जालंदरजवळ आकाशातून लोखंड पडले आणि जहांगीर बादशहाने त्याच्या तलवारी घडवून घेतल्या, हे मी सांगितले. ते लोखंड घणाखाली टिकेना, म्हणून तीन भागांत एक भाग साधे लोखंड मिसळावे लागले होते, हेही प्रामाणिकपणाच्या नादात सांगून बसलो.

"म्हणजे शेवटी भेसळच की," ते समाधानाने म्हणाले आणि त्यांनी दोन चहा सांगितले.

तेवढ्यात माझा पुकारा झाला. साखळी याच दुकानातली होती आणि तिच्यावर ९१६ चा शिक्का, म्हणजे ९१.६ टक्के सोन्याची ग्वाही, स्पष्ट होती. तरीही आठ टक्के घट वजा झाली. घेताना दिलेली मजुरी तर केव्हाच हवेत विरली होती. घट कशाची, असे मी विचारले. "पद्धत आहे," असे उत्तर आले. घेताना जड आणि देताना हलका होणारा धातू सर्वांदेखत काचेच्या कपाटात मांडलेला असताना त्याला कोणी आम्लाचा प्रश्न विचारत नाही, आणि चार पानांच्या कथेत तो आला की साऱ्या जगाला हिशोब हवा असतो! मी मोठ्या अपेक्षेने विट्याच्या काकांकडे पाहिले. आयुष्यभर सोने गाळलेला तो माणूस आता छताच्या पंख्याकडे एकाग्रतेने पाहत होता.

घरी येऊन वही उघडली, तेव्हा नायकाच्या तलवारीच्या वर्णनाशेजारी पेन्सिलीने लिहिलेला हिशोब दिसला. मी काउंटरवर हुज्जत घालत असताना काकांनी तो करून ठेवला होता: तलवार एक, वजन दिवसाचे धरावे, गाळणी सर्पावर, घट शेकडा दोन.