६०० किलोहर्ट्झ पलीकडे

हौशी रेडिओचा परवाना घरी आला तेव्हा बायकोने विचारलं, "म्हणजे फोनच ना?" मी म्हटलं, "याला रिचार्ज लागत नाही." तिने पुढचा प्रश्न टाकला, "मग पलीकडे कोण असतं?" त्याचं उत्तर मिळवायला मला दोन रविवार आणि नाशिकच्या पांडवलेण्याच्या पायऱ्या लागल्या.

ओहमचा नियम घोकून मी परीक्षा पास झालो होतो. व्हीयू३ने सुरू होणारं कॉलसाइन (रेडिओवरचं माझं नाव) मिळालं, म्हणजे आमच्या जमातीतली बिगरी. पण हातातला पाच वॅटचा सेट चालू करून बोलायचं कुठे, हे परीक्षेत कोणी विचारलंच नव्हतं. म्हणून पंचवटीतल्या काकांकडे गेलो. ते जुने हॅम, म्हणजे हौशी रेडिओवाले. चहाआधीच त्यांनी मला भागाकार करायला लावला.

"आपला बँड १४४ ते १४६ मेगाहर्ट्झ. त्याला दोन मीटर का म्हणतात? ३०० ला १४५ ने भाग."

भागलं. दोनाच्या वर थोडं आलं.

"ही लहरीची लांबी. अँटेना तिच्या पाव, म्हणजे अर्धा मीटर. तुझी रबरी शेपटी वीतभर. तिच्याकडून फार अपेक्षा ठेवू नकोस."

मग सिम्प्लेक्स. रिपीटर हा उंचावर बसलेला मध्यस्थ. एका फ्रिक्वेन्सीवर ऐकतो आणि तेच ६०० किलोहर्ट्झ सरकून दुसरीवर बोलतो. सिम्प्लेक्समध्ये मध्यस्थ नाही. दोघं एकाच फ्रिक्वेन्सीवर, पण आळीपाळीने. एकाने बटण दाबलं की दुसऱ्याने गप्प बसायचं. आमच्या घरी जेवताना चार माणसं एकाच वेळी सहा विषयांवर बोलतात, त्यामुळे ही कल्पनाच मला परग्रहावरची वाटली.

ठरलं १४५.५००. पहिल्या रविवारी इंदिरानगरात आमच्या गच्चीवर, पाण्याच्या टाकीला टेकून मी तासभर कॉलसाइन पुकारलं. उत्तरादाखल नुसती खरखर आणि खालच्या मजल्यावरून, "कोण ओरडतंय रे?"

काकांनी फोनवर निदान केलं. "मधे इमारती आहेत. या लहरी नाकासमोर चालणाऱ्या. उंच जागा गाठ."

दुसऱ्या रविवारी पांडवलेणं. निम्म्या पायऱ्या चढल्यावर धापा टाकत सेट चालू केला आणि काकांचा आवाज आला, अगदी शेजारी बसल्यासारखा! मी बटण दाबून कॉलसाइन सांगितलं. काका म्हणाले, "कोणी आहे का? ओव्हर." मी पुन्हा सांगितलं. काका म्हणाले, "कोणी आहे का? ओव्हर." असं किती वेळ चाललं, मोजलं नाही. वर लेण्यात सातवाहन राणी गौतमी बलश्रीचा शिलालेख आहे. तिचा निरोप शेकडो वर्षं ओलांडून पोचला आणि माझा पंचवटीपर्यंत जाईना. त्यात एक गृहस्थ हातातला सेट बघून अदबीने म्हणाले, "साहेब, गाडी इथेच लावली तर चालेल ना?" मी "हो" म्हटलं. निदान एका माणसाने तरी माझं ऐकलं.

शेवटी नाइलाजाने मोबाइल लावला. (रेडिओ चालतोय का हे विचारायला फोन करणं, ही या छंदातली सर्वात गुप्त प्रथा आहे.)

"स्क्रीनच्या कोपऱ्यात वजाबाकीचं चिन्ह दिसतंय?"

दिसत होतं. मुंगीएवढं. बोलताना ६०० किलोहर्ट्झ खाली सरकायची ती खूण, मागे रिपीटरसाठी सेट जुळवताना ठेवलेली, तशीच राहिली होती. मी ऐकत होतो १४५.५००वर आणि ओरडत होतो १४४.९००वर. तिथे दोन रविवार कोणी असलंच, तर त्याला माझं कॉलसाइन एव्हाना पाठ झालं असेल.

चिन्ह घालवलं, बटण दाबलं. "काका, ऐकू येतंय का? ओव्हर."

"फाइव्ह नाइन! खणखणीत! ओव्हर."

आणि मला काय बोलावं ते सुचेना. "काय म्हणता? ओव्हर." "काही नाही. तू काय म्हणतोस? ओव्हर." "काही नाही. जेवलात का? ओव्हर." मग आम्ही दोघांनी एकदमच बटण दाबलं, आणि आपलं दुसऱ्याने ऐकलं असं समजून दोघंही उत्तराची वाट बघत बसलो.

ऊन चढलं तसे काका म्हणाले, "चल, सेव्हन्टी थ्री!" (हॅमच्या भाषेत निरोपाच्या शुभेच्छा. पण हे मला तेव्हा कुठे माहीत होतं!)

मी मनापासून म्हणालो, "वाटत नाही हं काका. मला तर पासष्टीचेच वाटलात. ओव्हर."

बराच वेळ खरखर. मग मोबाइल वाजला.