पिनोशे आणि २२ हजार टेबलांची मोजणी

चिलीत ११ सप्टेंबर १९७३ ला निवडून आलेले राष्ट्राध्यक्ष आयेंदे यांचं सरकार लष्करी बंडाने पाडून सत्ता घेणाऱ्या ऑगुस्तो पिनोशेबद्दलचा एक मजकूर ग्रुपाग्रुपांतून फिरतोय. मतितार्थ असा: 'आयेंदेने देश बुडवला होता, लष्कराने सावरला. मेले ते थोडे, तेही बंदूकवाले. कोर्टं चालू होती. अर्थव्यवस्था रुळावर आली. लोकांनी फारशी कुरकुर केली नाही आणि १९८८ ला मतदानात हरल्यावर गडी निमूट घरी गेला. असा हुकूमशहा असेल तर हरकत काय?' यातला शेवटचा दावा सगळ्यांत गुळगुळीत आहे, म्हणून तोच जास्त खपतो. पण क्रमाने घेऊ.

'मेले ते थोडे, तेही बंदूकवाले.' लोकशाही आल्यावर चिलीच्याच सरकारने नेमलेल्या आयोगांनी मोजलेले आकडे आहेत. मारले गेलेले आणि बेपत्ता मिळून ३ हजारांवर, आणि कैद व छळ सोसल्याचं मान्य झालेले ३८ हजारांवर. बंदुकांचं म्हणाल तर लोन्केन पाहा. १९७८ च्या अखेरीस सांतियागोजवळच्या या गावात चुन्याच्या बंद पडलेल्या भट्ट्यांत १५ जणांचे अवशेष सापडले. ऑक्टोबर १९७३ मध्ये पोलिसांनी उचललेली ही शेतमजूर आणि तरुण पोरं; त्यात एक बाप आणि त्याचे चार मुलगे. पोलिसांचं म्हणणं, रात्री कैद्यांना नेताना अंधारातून कुणीतरी गोळीबार केला. त्यात पंधराच्या पंधरा कैदी मेले, पोलिसांना मात्र काही झालं नाही! चौकशी करणाऱ्या न्यायाधीशांना हे पटलं नाही. मग प्रकरण लष्करी कोर्टाकडे गेलं आणि तिथे आरोपींना माफी मिळाली. एप्रिल १९७८ मध्ये राजवटीने ११ सप्टेंबर १९७३ ते १० मार्च १९७८ या काळातल्या गुन्ह्यांना माफी देणारा हुकूम काढून ठेवलाच होता.

'कोर्टं चालू होती.' होती की. माणूस उचलला की घरचे हेबियस कॉर्पसचा, म्हणजे 'ताब्यातल्या माणसाला कोर्टापुढे आणा' असा अर्ज टाकायचे. कोर्ट गृहखात्याला विचारायचं, खातं लिहून द्यायचं की अशी व्यक्ती आमच्या ताब्यात नाही, आणि अर्ज निकाली. हजारो अर्जांपैकी मंजूर झालेले बोटांवर मोजण्याइतके. तरीही चर्चच्या छत्राखाली १९७६ पासून चालणाऱ्या 'विकारिया दे ला सोलिदारिदाद' या मदतसंस्थेचे वकील अर्ज टाकतच राहिले. अर्ज फेटाळला तरी कागद उरतो, आणि त्यावर नाव, तारीख, कुठून नेलं, कुणी पाहिलं हे सगळं असतं. तोच कागद पुढे कामाला आला. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असा युक्तिवाद मान्य केला की बेपत्ता माणसाचा मृतदेह मिळत नाही तोवर अपहरण चालूच आहे. मग गुन्हा १० मार्च १९७८ पर्यंत संपला असं म्हणता येत नाही आणि माफी लागू होत नाही. त्यासाठी आधी माणूस उचलला गेला होता हे दाखवावं लागतं.

'अर्थव्यवस्था रुळावर आली.' १९७३ ला महागाई ५०० टक्क्यांवर गेली होती, हे खरं. पण १९७५ ला देशाचं उत्पन्न १३ टक्क्यांच्या आसपास घसरलं आणि १९८२ ला पुन्हा तेवढंच. दुसऱ्या घसरणीला जागतिक मंदी आणि वाढलेले व्याजदर कारण होते, पण घरचं कारण साधं होतं. १९७९ पासून डॉलरचा भाव ३९ पेसोंवर बांधून ठेवला. देशातली महागाई चालूच राहिली, त्यामुळे आयात स्वस्त झाली, कारखाने बसले, आणि खासगी बँकांनी डॉलरमध्ये भरमसाट कर्जं उचलली. जून १९८२ मध्ये भाव सोडावा लागला तेव्हा कर्जं एका झटक्यात फुगली. जानेवारी १९८३ मध्ये खासगीकरणाची पुजारी असलेल्या याच राजवटीने मोठ्या बँका सरकारी ताब्यात घेतल्या. आयेंदेने राष्ट्रीयीकरण पुरं केलेल्या मोठ्या तांब्याच्या खाणी मात्र पिनोशेने सरकारकडेच ठेवल्या, कारण त्यांच्या निर्यातीतला १० टक्के वाटा लष्कराला जायचा. १९८७ ला गरिबी ४५ टक्क्यांच्या आसपास होती; ती निम्म्यावर आली लोकशाहीत.

'लोकांनी कुरकुर केली नाही.' ११ मे १९८३. तांबे कामगारांच्या महासंघाने आधी संप ठरवला होता, पण खाणींभोवती लष्कर आणि संपकऱ्याची नोकरी जाणार हे नक्की. म्हणून बेत बदलला: मुलांना शाळेत पाठवू नका, खरेदी करू नका, गाडी हळू चालवा आणि रात्री आठला घरातूनच भांडी बडवा. खिडकीतल्या पातेल्यासाठी अख्ख्या शहराला अटक कशी करणार? (भांडी बडवण्याची ही रीत १९७१ मध्ये आयेंदेविरोधी बायकांनीच पाडली होती.) तीन दिवसांनी सांतियागोच्या गरीब वस्त्यांवर पहाटे छापे पडले आणि १४ वर्षांवरच्या पुरुषांना घराबाहेर काढून मैदानांत उभं केलं.

आता 'निमूट घरी गेला'. १९८८ चा कौल पिनोशेने स्वतःच्याच १९८० च्या राज्यघटनेत, स्वतःला आणखी आठ वर्षं मिळावीत म्हणून घातला होता. ती घटना मंजूर करणाऱ्या मतदानाला मतदारयादीसुद्धा नव्हती. १९८८ ला तसं जमलं नाही, कारण १९८५ मध्ये घटना न्यायालयाने सांगितलं की निवडणूक न्यायालयाच्या देखरेखीशिवाय कौल घेता येणार नाही. नोंदणी उघडली आणि ७० लाखांवर लोकांनी नावं घातली. पोलिंग एजंट नेमण्याचा हक्क नोंदणीकृत पक्षालाच, म्हणून विरोधकांनी मुद्दाम एक पक्षही काढला. मतपत्रिकेवर पिनोशेचं नाव आणि खाली 'हो', 'नाही' समोर एकेक आडवी रेघ. पेन्सिलीने त्या रेघेवर उभी रेघ मारायची.

५ ऑक्टोबरला देशभर मतदानाची २२ हजारांच्या आसपास टेबलं होती. मोजणी टेबलावरच, सगळ्यांसमोर व्हायची. विरोधकांचा माणूस आकडे उतरवून घ्यायचा. ते फोन, फॅक्स किंवा निरोप्याकरवी केंद्रात आणि तिथून कॉम्प्युटरवर. उद्देश एकच, सरकारने खोटा आकडा सांगितला तर खरा तयार असावा. आणि झालंही तसंच. संध्याकाळी सरकारने मोजक्या टेबलांवरून 'हो' पुढे असल्याचं जाहीर केलं, मग तासन्‌तास गप्प. विरोधकांचे आकडे मात्र बाहेर येत राहिले. मध्यरात्रीनंतर हवाईदलप्रमुख मातेई राष्ट्राध्यक्षांच्या वाड्यात शिरता शिरता पत्रकारांना सांगून गेले की 'नाही' जिंकल्याचं आपल्याला स्पष्ट दिसतंय. आत पिनोशेने स्वतःला विशेष अधिकार देणारा कागद सहीसाठी पुढे केला. बाकीच्या सेनाप्रमुखांनी सही केली नाही. अंतिम निकाल: 'नाही' सुमारे ५६ टक्के, 'हो' ४४.

घरीही तो गेला नाहीच. मार्च १९९० मध्ये राष्ट्राध्यक्षपद सोडलं, पण १९९८ पर्यंत लष्करप्रमुख राहिला. त्यानंतर स्वतःच्याच घटनेने दिलेली तहहयात सेनेटरची खुर्ची घेतली. त्याच ऑक्टोबरमध्ये लंडनमध्ये अटक झाली, तब्येतीच्या कारणावरून सुटून परत आला. २००४ मध्ये अमेरिकी सिनेटच्या चौकशीत रिग्ज बँकेतली त्याची गुप्त खाती सापडली. १० डिसेंबर २००६ ला मेला तेव्हा त्याच्यावरच्या एकाही खटल्याचा निकाल लागला नव्हता.