फुगोबाला दहापैकी सहा

सहा. दहापैकी सहा. लाल पेनाने, गोल करून. खाली शेरा: 'डोळे दाखवलेले नाहीत. नीटनेटकेपणा हवा.' वही लेकीची असली तरी शेरा कुणाला आहे, हे आमच्या घरात कुत्र्यालाही कळलंय.

विषय होता 'परग्रहावरील काल्पनिक महाकाय प्राणी: अधिवास, आहार, शत्रू'. इयत्ता पाचवी. मला कळलं आदल्या रात्री पावणेदहाला, लेक दात घासत असताना, तोंडात फेस ठेवून. सूचनेखाली ठळक अक्षरात 'पालकांनी मदत करू नये'. ही ओळ लग्नपत्रिकेतल्या 'कृपया आहेर आणू नये'सारखी असते. ती वाचून जो खरंच रिकाम्या हाताने जातो, त्याच्याकडे कसं बघतात ते आठवा.

लेकीने सहा पायांचा, तीन शिंगांचा, डोंगराएवढा एक बैल काढला होता. तो तसाच द्यायचा आणि झोपायचं. पण माझ्यातली बी.एस्सी. जागी झाली. म्हटलं, हा उभाच राहणार नाही. प्राणी लांबी-रुंदी-उंचीला दुप्पट केला की वजन आठपट होतं आणि हाडाची जाडी, म्हणजे छेदाचं क्षेत्रफळ, चौपटच वाढतं. गॅलिलिओने हे १६३८ सालीच लिहून ठेवलंय. २०१५ च्या जूनमध्ये रेवदंड्याच्या किनाऱ्याला ४२ फुटी निळा देवमासा लागला होता, आठवतोय? पाण्यात डौलाने फिरणारं ते धूड वाळूवर आलं की स्वतःच्याच वजनाखाली चेंगरतं. लोक मात्र फोटो काढत होते. असो. लेक म्हणाली, "आई, मला झोप आलीय." मी म्हटलं, "झोप तू."

जमिनीवर जमत नाही, मग जमीनच नको. गुरू ग्रहावर पाय टेकवायला जमीनच नाही, खालीवर नुसते ढग. कार्ल सेगन आणि एडविन साल्पीटर या दोघा खगोलशास्त्रज्ञांनी १९७६ साली गंभीरपणे मांडलं होतं की गुरूच्या वातावरणात तरंगणारे प्राणी असू शकतील, अगदी काही किलोमीटर रुंदीचेसुद्धा. तरंगणारे, त्यांना खाणारे शिकारी, आणि हळूहळू खालच्या उकाड्यात बुडत जाणारे बिचारे, ज्यांना भाजून मरण्याआधी पोरं जन्माला घालण्याची घाई. (या तिसऱ्या जातीशी माझं रात्री साडेअकराला फार जमलं.)

तर आमचा फुगोबा. रुंदी दोन किलोमीटर. गंमत अशी की गुरूवरची हवाच मुळात बहुतेक हायड्रोजनची, त्यामुळे नुसत्या हायड्रोजनच्या फुग्याला तिथे फारशी उचल मिळत नाही. आतला वायू बाहेरच्यापेक्षा गरम ठेवावा लागतो. म्हणजे फुगोबा ही एक जिवंत पुरी आहे. वरून गळणारे सेंद्रिय कण खायचे, त्या उष्णतेवर फुगून राहायचं. डोळे मी मुद्दाम दिले नाहीत. ऊन तिथे आपल्या सत्ताविसाव्या हिश्शाचं, आणि दोन किलोमीटरच्या जिवाला बघायचंय कुणाला? जे आडवं येईल त्याने बघावं. आमच्या इमारतीतला पाण्याचा टँकर याच तत्त्वावर रिव्हर्स घेतो.

सकाळी सात वाजता झेरॉक्सच्या दुकानात रंगीत प्रिंट काढायला गेले. "व्हॉट्सअ‍ॅप करा," दुकानदार म्हणाला. फुगोबा काउंटरवरच्या स्क्रीनवर अवतरला, गुलाबी, सुजलेला, खाली शिरा लोंबणारा. मशीनने कागद अडकवला. स्क्रीन तशीच.

मागे हयातीच्या दाखल्याची झेरॉक्स काढायला एक काका उभे होते. कानटोपी, बगलेत प्लॅस्टिकचं फोल्डर. त्यांनी चष्मा वर केला.

"मूळव्याध का?"

"नाही हो. प्राणी आहे."

"कुठला?"

"गुरूवरचा."

"कुठल्या गुरूंचा? आमच्या गुरूंकडे नुसत्या गायी आहेत."

ग्रह, म्हटलं, ग्रह. मग सगळं सांगावं लागलं. काका जिल्हा परिषदेच्या पाणीपुरवठ्यातून निवृत्त झालेले निघाले, आणि तिथे माझं नशीब फिरलं.

"उंची किती म्हणालात?"

"दोन किलोमीटर. आडवा तेवढाच उभा."

"रक्त आहे ना अंगात? मग वर कसं चढतं?"

"हृदय आहे."

"किती एचपीचं?"

दुकानदाराने कागद ओढायचं थांबवलं. मी जिराफाचं उदाहरण दिलं: एवढ्याशा मानेपायी त्याचा रक्तदाब आपल्या दुप्पट. काकांनी मान हलवली, गोळी कोण देतं म्हणून विचारलं, आणि फोल्डरच्या पाठीवर बोटानेच गणित मांडलं.

"हेड, म्हणजे चढवायची उंची, झालं दोन हजार मीटर. तिथे वजन किती भरतं?"

"इथल्या अडीचपट," मी म्हटलं. मागच्या बाई पुटपुटल्या, "नको गं बाई."

"मग हेड पण अडीचपट! पाच हजार मीटर! अहो ताई, एका पंपाचं काम आहे का हे? आम्ही डोंगरावरच्या वाडीला पाणी चढवताना टप्पे करायचो. मधे बूस्टर टाका. आणि हा तापतो कशावर म्हणालात?"

"अन्न पचवून. त्यानेच फुगतो."

"म्हणजे गॅसेस," काका म्हणाले, आणि अख्ख्या दुकानाने मला एकदम समजून घेतलं.

मी चिडले होते, खोटं कशाला बोलू. पण बूस्टरचं म्हणणं पटलं. ऑक्टोपसला तीन हृदयं असतात, मग फुगोबाला अकरा का नसावीत? प्रिंट हातात पडल्यावर मी काउंटरवरच, दुकानदाराच्या निळ्या पेनाने, अकरा हृदयं काढली. काका एकेक मोजत होते. सातवं थोडं ओघळलं.

'नीटनेटकेपणा हवा' तो तिथला.

ज्याला साडेनऊ मिळाले, त्याचा प्राणी थर्माकोलचा होता. सजावटीच्या थर्माकोलवर आपल्या राज्यात २०१८ साली बंदी आली, पण शाळेच्या प्रोजेक्टला तो कुठून उगवतो कुणास ठाऊक. चार पाय, त्यात एलईडीचे दोन डोळे. बटण दाबलं की लुकलुकतात. खाल्लेलं जातं कुठे, वजन पेलतं कोण, एका शब्दाने विचारलं नाही कुणी. आणि ते बटण त्या दहा वर्षांच्या पोराने सोल्डर केलं म्हणे. माझं तर म्हणणं आहे, गुण देता ना, मग थेट पालकांच्या नावाने द्या, निदान वशिला तरी लावता येईल. रात्रीचा दीड वाजला होता मला. लेकीला सहाचं काहीच नाही; तिचं दुःख एवढंच की तिचा बैल मी रद्दीत टाकला.

काल दुधाच्या केंद्रावर काका भेटले. लांबूनच हात केला.

"काय ताई, पास झाला का तुमचा?"

"सहा मिळाले."

काका गंभीर झाले. पिशवी खाली ठेवली.

"नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह दाखवला होता? वर चढलेलं खाली परत येऊ नये म्हणून?"

"नाही."

"मग बरोबर आहेत सहा."