लंडनची ती रात्र अनिताला कोण परत देणार?

१० ऑगस्ट २०१२. लंडन ऑलिम्पिक, महिला हातोडाफेकीची अंतिम फेरी. पोलंडच्या अनिता व्लोदार्चिकची सर्वोत्तम फेक ७७.६० मीटर, रशियाच्या तात्याना लिसेंकोची ७८.१८. फरक ५८ सेंटिमीटरचा. लिसेंको सगळ्यात वरच्या पायरीवर, अनिता एक पायरी खाली. वाजलं ते रशियाचं राष्ट्रगीत.

पुढच्याच वर्षी मॉस्कोच्या जागतिक स्पर्धेत तेच. लिसेंको ७८.८०, अनिता ७८.४६. पुन्हा रौप्य.

मग २०१६ साली लंडनचे जपून ठेवलेले जुने नमुने नव्याने तपासले आणि लिसेंकोच्या नमुन्यात बंदी असलेलं द्रव्य सापडलं. तिचं सुवर्ण काढून घेतलं. लंडनचं पदक अनिताकडे आलं, पुढे मॉस्कोचंही. लोक म्हणतात, चला, उशिरा का होईना, न्याय झाला. मला हे पटत नाही, आणि आज त्यावरच लिहायचं आहे.

रिओत ऑगस्ट २०१६ मध्ये अनिता ८२.२९ मीटरच्या विश्वविक्रमासह जिंकली, तेव्हा सगळ्या जगाने ते तिचं पहिलं ऑलिम्पिक सुवर्ण म्हणून साजरं केलं. दोन महिन्यांनी कागदोपत्री ते दुसरं झालं. विचार करा, माणसाच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा दिवस चार वर्षांपूर्वीच येऊन गेलेला असतो आणि त्याला ते माहीतच नसतं! पदक परत देता येतं. वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी भरलेल्या मैदानात सगळ्यात वरच्या पायरीवर उभं राहणं कुठून परत आणणार? आणि लिसेंको काही पहिल्यांदा सापडली नव्हती. उत्तेजकांसाठी २००७ ते २००९ अशी दोन वर्षांची बंदी भोगून ती परतली होती. म्हणूनच मला जास्त चीड येते.

हातोडाफेक आपल्याकडे फारशी कुणी बघत नाही. बघायला लागलात की नजर हटत नाही. बायकांचा हातोडा ४ किलोचा. तारेच्या टोकाला धातूचा गोळा आणि दुसऱ्या टोकाला मूठ. उभं राहायचं ते जेमतेम २.१३५ मीटर व्यासाच्या वर्तुळात, तिन्ही बाजूंनी जाळी. आधी डोक्यावरून हातोडा फिरवायचा, मग टाच आणि चवड्यावर गिरक्या. प्रत्येक गिरकीला वेग वाढतो आणि गोळा तिला तिच्या वजनाहून जास्त जोराने बाहेर ओढतो. ती मागे रेलते, गुडघे वाकवते, त्या ओढीला अंगाने उत्तर देते. सोडायचा क्षण केसभर चुकला की हातोडा जाळीत. अनिताचा चेहरा गिरक्या घेताना पाहा, इतका शांत असतो की थक्क व्हायला होतं.

तिच्या हातमोजाबद्दल सांगायलाच हवं. पुरुषांची हातोडाफेक ऑलिम्पिकमध्ये १९०० पासून आहे. बायकांना ती मिळाली थेट २००० साली, सिडनीत. शंभर वर्षं! तिथलं पहिलं सुवर्ण पोलंडच्याच कामिला स्कोलिमोव्स्काने जिंकलं, अवघ्या सतराव्या वर्षी. फेब्रुवारी २००९ मध्ये पोर्तुगालमधल्या सराव शिबिरात कामिला अचानक गेली, २६ वर्षांची होती. त्याच ऑगस्टमध्ये अनिताने बर्लिनला ७७.९६ मीटरचा विश्वविक्रम करून जागतिक सुवर्ण जिंकलं आणि आनंदाने धावताना स्वतःचा घोटा दुखावून घेतला. पुढे ती कामिलाचा हातमोजा घालून फेकत राहिली. १ ऑगस्ट २०१५ ला ८१.०८ मीटर फेकून ती ८० मीटर ओलांडणारी पहिली बाई ठरली. आणि आजवरचा विश्वविक्रम, ८२.९८ मीटर, तिने केला तो वॉर्सात, २८ ऑगस्ट २०१६ ला, कामिलाच्याच स्मृतिस्पर्धेत. रिओनंतर दोन आठवड्यांच्या आत. हे वाचताना दर वेळी माझा गळा दाटून येतो.

मधे गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली, २०१९ ची जागतिक स्पर्धा हुकली. अनेकांनी तिला मोडीत काढलं होतं. तोक्योत ती आली ती छत्तिसाव्या वाढदिवसाच्या पाच दिवस आधी, ७८.४८ मीटर फेकून जिंकली. अॅथलेटिक्सच्या एकाच वैयक्तिक प्रकारात सलग तीन ऑलिम्पिक सुवर्णं मिळवणारी ती पहिली महिला. पण त्या तिनातलं पहिलं लंडनचं. ते जुने नमुने कुणी पुन्हा तपासलेच नसते, तर हा विक्रम इतिहासात नसताच. म्हणून नमुने वर्षानुवर्षं जपून ठेवण्याच्या खर्चावर कुणी कुरकुर केली की मला अनिता आठवते. खर्च करा, दुप्पट करा. आणि निकाल लवकर लावा, चार-चार वर्षं नको.

२०२२ मध्ये तिच्या गाडीत घुसलेल्या चोराचा पाठलाग करून तिने त्याला धरलं, त्यात पायाचा स्नायू दुखावला आणि जागतिक स्पर्धा गेली. ही बातमी लोकांनी गंमत म्हणून फिरवली. मला त्यात गंमत दिसली नाही. छत्तिसाव्या वर्षी तिच्याकडे वाया घालवायला एकही हंगाम नव्हता.

तरी ती पॅरिसला आली. ६ ऑगस्ट २०२४, एकोणचाळिसावा वाढदिवस दोन दिवसांवर. सुवर्ण कॅनडाच्या कॅमरिन रॉजर्सने जिंकलं. अनिताची फेक ७४.२३ मीटर, चौथा क्रमांक. कांस्य ७४.२७ ला गेलं. चार सेंटिमीटर. तो निकाल मी तीनदा वाचला. या वेळी निदान तो त्याच रात्री लागला.