स्टेटमेंटवरचं ते अनोळखी नाव

गेल्या महिन्यात आईने कार्डाचं स्टेटमेंट माझ्यापुढे ठेवलं. ती दर महिन्याला पेन्सिल घेऊन बसते, ओळखीच्या ओळीला बरोबरची खूण करते, पान संपेपर्यंत उठत नाही. या वेळी एका ओळीभोवती गोल होता, पेन्सिल इतकी गिरवलेली की कागद काळा पडलेला. नाव असं की धड वाचताही येईना, अर्ध्यात तुटलेलं, पुढे नुसते आकडे. मी विचारलं कधी बघितलंस हे, तर म्हणाली झाले पंधरा दिवस, मला वाटलं माझ्याच हातून काहीतरी दाबलं गेलं असेल, तुला कशाला त्रास.

पंधरा दिवस ती हे एकटीच मनात घेऊन बसली होती याचं मला फार वाईट वाटलं. म्हणून हे सगळं सविस्तर लिहितेय.

आधी हे समजून घ्या की नाव ओळखता आलं नाही यात तुमची काही चूक नाही. कार्डाचे व्यवहार ज्या साच्यातून एका बँकेकडून दुसऱ्या बँकेकडे जातात तो आयएसओ ८५८३ नावाचा साचा १९८७ सालचा आहे, त्यात दुकानाचं नाव, शहर आणि देश मिळून जागा फक्त ४० अक्षरांची. म्हणून नाव मध्येच तुटतं. आणि ते नावही पाटीवरचं असेलच असं नाही, दुकान ज्या कंपनीच्या नावाने नोंदवलंय ते असतं, किंवा मधल्या पेमेंट कंपनीचं, शहर तर कधी कधी मुख्य ऑफिसचं. तारखेचाही घोळ असतो, तुम्ही शुक्रवारी खरेदी केली आणि दुकानदाराने हिशोब सोमवारी पाठवला तर नोंद त्यानंतरची दिसू शकते.

तर आम्ही कार्डाच्या मागे छापलेल्या नंबरवर फोन लावला. (तोच नंबर लावा, प्लीज. इंटरनेटवर हेल्पलाइन शोधून लावलेले फोन थेट चोरांकडे जाऊ शकतात, आणि खरी बँक तुमच्याकडे ओटीपी किंवा पिन मागत नाही.) समोरच्या मुलाने पहिलाच प्रश्न विचारला, कार्ड ब्लॉक करू का? मी म्हटलं थांबा, आधी मला सांगा व्यवहार कसा झालाय, चिप लावून, टॅप करून की ऑनलाइन? दुकानाचा कॅटेगरी कोड काय? वेळ किती वाजताची? हे सगळं बँकेला विचारता येतं हे बहुतेकांना माहीतच नसतं. प्रत्येक दुकानाला धंद्याप्रमाणे चार आकडी कोड असतो, सुपरमार्केट ५४११, औषधांचं दुकान ५९१२, असे. त्याने बघून सांगितलं, चिप आणि पिन, संध्याकाळी पावणेसात, कोड ५९१२. आई शेजारून म्हणाली, "अगं मग तो गुडघ्याचा पट्टा!" पट्टा तिनेच घेतला होता, दुकानाच्या मालक कंपनीचं नाव निराळं एवढंच.

फोन ठेवणारच होते, तेवढ्यात माझी नजर चार ओळी खाली गेली. तिथे एक अगदी किरकोळ रक्कम, खूण नाही, गोलही नाही. आई म्हणाली एवढ्याशाचं काय विचारायचं. मी विचारलं. ऑनलाइन, कार्ड समोर नसताना, कोड डिजिटल मालाचा. आईने आयुष्यात असं काही विकत घेतलेलं नाही. चोरलेल्या कार्डाचा नंबर चालतो का हे बघायला आधी अशीच चिल्लर रक्कम टाकतात, ती कोणाच्या लक्षात आली नाही की मग मोठा हात मारतात. तेव्हा मात्र कार्ड त्याच मिनिटाला बंद करून घेतलं.

माझं ठाम मत आहे की रक्कम लहान म्हणून ओळ सोडणं हीच सगळ्यात महाग सवय आहे. आणि त्याच्या खालोखाल, काही न विचारता 'फ्रॉड' म्हणून ओरडणं. हे दुसरं मी स्वतः केलंय. एका सबस्क्रिप्शनची फुकट मुदत संपून पैसे कापले गेले, मला नाव आठवेना, मी फॉर्मवर 'हा व्यवहार मी केलेला नाही' यावर टिक केलं. त्या कंपनीने माझा ईमेल, लॉगिन, मी अटी मान्य केल्याची तारीख, सगळं पाठवलं आणि माझी तक्रार फेटाळली गेली. बरोबरच होतं ते. असा दावा आला की दुकानदाराचे पैसे अडकतात, वर त्याला बँकेची फी लागते, आणि असे दावे वाढले तर त्याचं मशीनच बंद होऊ शकतं. लहान दुकान असेल तर त्याने काय करायचं?

म्हणून फॉर्मवरचा शब्द फार जपून निवडा. मी केलंच नाही, हे वेगळं. मी केलं पण माल आला नाही, दोनदा कापले, रद्द केलं तरी कापले, रक्कम जास्त लावली, ही वेगळी कारणं आहेत, प्रत्येकाला पुरावा वेगळा लागतो. या दुसऱ्या प्रकारात आधी दुकानाला लेखी कळवा आणि तो मेसेज जपून ठेवा, कारण बँक पहिलं तेच विचारते. टिक करायच्या आधी घरातल्यांनाही विचारा, मुलांच्या फोनमध्ये आपलं कार्ड सेव्ह असतं. रिफंड दिलाय असं दुकान म्हणतंय आणि खात्यात दिसत नाही, तर त्यांच्याकडून एआरएन मागा, २३ आकडी नंबर असतो, त्यावरून बँकेला पैसे शोधता येतात.

व्यवहार 'पेंडिंग' असेल तर बहुतेक वेळा तो पक्का होईपर्यंत रीतसर दावा दाखल करता येत नाही, पण चोरीचा संशय असेल तर त्यासाठी थांबू नका, कार्ड लगेच बंद करा. व्हिसा, मास्टरकार्डच्या नियमांत बऱ्याच कारणांसाठी मुदत १२० दिवसांची असते, पण तुमच्या बँकेची त्याहून बरीच कमी असू शकते, ती आजच विचारून ठेवा. तक्रार नंबर घेतल्याशिवाय फोन ठेवू नका. तात्पुरते पैसे खात्यात आले म्हणजे निकाल लागला असं नाही, दुकानाची बाजू पटली तर ते परत जातात. आणि कार्ड बदललं की सबस्क्रिप्शन आपोआप थांबतात हाही गैरसमज आहे, नवा नंबर कंपन्यांपर्यंत पोचवायची सोय कार्ड नेटवर्कमध्येच आहे, रद्द करायचं ते तिथे जाऊनच करावं लागतं.

आईचे पैसे परत आले. पण मला राग आहे तो त्या तुटक्या नावाचा. कॅटेगरी, वेळ, चिप की ऑनलाइन, ही सगळी माहिती त्या मुलाच्या स्क्रीनवर होती ना, मग ती आईच्या कागदावर का नाही? ४० अक्षरांचा साचा जुना आहे, मान्य, पण स्टेटमेंट तर बँक स्वतः छापते. निदान 'औषधांचं दुकान, चिप, संध्याकाळी ६.४५' एवढं लिहिलं असतं तर आईचे पंधरा दिवस वाचले असते. हे मी बँकेला लेखी कळवलंय, तक्रार नंबरही घेतलाय. उत्तर आलं की इथेच टाकते.