आधी शिव्या, मग ‘काळाच्या पुढचा’

झालं, परत सुरू! अमेरिकी रॅपर कान्ये वेस्टचा ‘८०८ज अँड हार्टब्रेक’ म्हणे काळाच्या पुढचा अल्बम. अहो, २००८ मध्ये तुम्हीच नाकं मुरडत होतात ना? रॅप सोडून हा ऑटोट्यूनमध्ये, त्या यांत्रिक केलेल्या आवाजात, रडतोय काय, म्हणून! आदल्या वर्षी त्याची आई गेली, पाठोपाठ साखरपुडा मोडला. माणूस दुसरं काय गाणार? ठेका रोलँड कंपनीच्या टीआर-८०८ ड्रम मशीनचा: कोरडा, थंड, म्हणूनच नेमका. पुढे रॅपर ड्रेकने तोच सूर धरला तेव्हा बरा गोड लागला! आणि आता सगळंच डोक्यावर घ्यायचं. मग यातलं ‘पिनोकियो स्टोरी’ हे गाणं पूर्ण ऐकून दाखवा एकदा. सिंगापूरच्या कार्यक्रमातलं ते लांबण मलाही झेपत नाही. त्यातल्याच ‘स्ट्रीट लाइट्स’ गाण्याचं नाव मात्र कुणी काढेल तर शपथ!